बा कुटी आणि आपला कोपरा

गेल्या महिन्यात एका वाचक भगिनीचं पत्र आलं. नाव-गाव छापू नका, असं तिनं बजावलं आहे, म्हणून देत नाही. ती लिहिते, "ताई, घर तीन खोल्यांचं, माणसं सात. यांचं टेबल आहे, मुलांचं कपाट आहे, सासूबाईंचं देवघर आहे. माझं काय, असा हिशेब केला तर ओट्याखालचे डबे. दुपारी घटकाभर पाठ टेकायची म्हटलं, तरी कुणाला तरी सरका म्हणावं लागतं. बोलून दाखवलं की उत्तर ठरलेलं : सगळं घर तुझंच तर आहे! मी करू तरी काय?"

पत्र वाचलं आणि मला सेवाग्रामची बा कुटी आठवली. उत्तर देण्याआधी तिथवर तुम्हाला घेऊन जाते.

आमच्या उमरखेडकडे 'सेवाग्रामला नेलं' म्हटलं, की ऐकणारीला कळतं, घरात कुणाला तरी बरं नाही. तिथलं कस्तुरबा रुग्णालय आमच्या भागातल्या बायकांच्या चांगलंच ओळखीचं. काही वर्षांपूर्वी थोरल्या जाऊबाईंना घेऊन मीही अशीच गेले. महागाव, आर्णी, यवतमाळ, कळंब, देवळी करत एस.टी.नं वर्धा, आणि तिथून पुढे आठ किलोमीटर. तपासण्यांच्या मध्ये एक दुपार मोकळी मिळाली. आश्रम जवळच. जाऊबाई म्हणाल्या, "चल, पाहून तरी येऊ."

राष्ट्रपतींच्या पत्नीला देशाची 'प्रथम महिला' म्हणण्याची रीत आहे. पण आपल्याकडे राष्ट्रपती हे पद निर्माण होण्याच्या कितीतरी आधी, लोकांच्या मनात तो मान कस्तुरबांचा होता. अशा बाईचं घर कसं असेल? मातीच्या भिंती, वर कवेलू, पुढे पडवी. आपल्याकडच्या शेतकऱ्याचं घर याहून मोठं असतं. फाटकातून आत गेल्यावर आधी 'आदि निवास' लागतो. १९३६ साली गांधीजी या गावी राहायला आले, तेव्हा गावाचं नाव शेगाव होतं. १९४० साली ते सेवाग्राम झालं. पहिल्यांदा बांधलेलं घर ते हे. गांधीजी, बा, आश्रमाची मंडळी आणि येणारे-जाणारे पाहुणे, सगळ्यांची सोय तिथेच. खान अब्दुल गफारखान त्या घरात राहून गेले, आपले तुकडोजी महाराजही राहिले.

आता तुम्हीच विचार करा. बा तेव्हा ६७ वर्षांच्या. लुगडं बदलायचं, केस विंचरायचे, अंग दुखलं तर आडवं व्हायचं, आणि सभोवती चोवीस तास पुरुषमाणसं आणि पाहुणे. बांची फार कुचंबणा होई. ही अडचण ओळखून जमनालाल बजाजांनी त्यांच्यासाठी निराळी लहानशी झोपडी बांधून दिली. तीच बा कुटी. शेजारी बापू कुटी आहे, आणि जगभरातून माणसं येतात ती बापू कुटी पाहायला. बा कुटीपाशी बहुतेकजण क्षणभर थांबतात आणि पुढे जातात. आमच्या जाऊबाई मात्र तिथल्या पडवीत बसल्या त्या उठेचनात.

मी कारण विचारलं नाही. दमल्या असतील, असं वाटलं.

बांची याआधीची घरं आठवून पाहा. पोरबंदरला गोकुळदास कापडियांच्या घरी १८६९ साली त्यांचा जन्म झाला. सासर त्याच गावात, अगदी जवळ. कोवळ्या वयात लग्न. पुढे दक्षिण आफ्रिकेत डरबनचं घर. तिथे गांधीजींच्या कचेरीतले कारकूनही घरीच राहत. त्यांच्या खोल्यांतली रात्रीची भांडी उचलण्याचं काम बांच्याही वाट्याला आलं. एक कारकून अस्पृश्य मानल्या जाणाऱ्या घरातला होता. बा जुन्या वळणाच्या, त्यांच्या मनाला ते पटेना. त्या रडत-रडत भांडं घेऊन निघाल्या. नुसतं काम करून भागत नव्हतं, हसतमुखानं करायला हवं होतं! गांधीजी इतके संतापले, की हात धरून त्यांना फाटकापर्यंत ओढत नेलं आणि बाहेर काढायला निघाले. परक्या मुलखात, जवळ ना आई ना बाप, मी जाऊ कुठे, असं बांनी विचारल्यावर गांधीजींची त्यांनाच लाज वाटली. १८९८ सालची ही गोष्ट गांधीजींनी आत्मचरित्रात स्वतःच लिहून ठेवली आहे. शिवाशिवीच्या बाबतीत त्यांचं म्हणणं खरं होतं, हे आपण आज मान्य करू. पण 'सगळं घर तुझंच' असलेल्या बाईला घराबाहेर काढायला एक हात पुरतो, हेही त्या फाटकापाशी दिसलं.

दागिन्यांची गोष्टही तुम्हाला आपली वाटेल. १९०१ साली आफ्रिकेहून निघताना लोकांनी आहेर दिले, त्यात बांसाठी सोन्याचा हार होता. गांधीजींनी सगळं सार्वजनिक कामासाठी ठेवायचं ठरवलं. उद्या सुना येतील त्यांना काय घालू, आणि मी रात्रंदिवस राबले ती सेवा नव्हे काय, असा वाद बांनी घातला. शेवटी हार गेलाच.

पण हीच बाई १९१३ साली तुरुंगात गेली, ती कशासाठी माहीत आहे? ख्रिस्ती पद्धतीनं न झालेली लग्नं कायदेशीर नाहीत, असा निकाल तिकडच्या न्यायालयानं दिला. म्हणजे आपल्या बायका लग्नाच्या बायकाच नव्हेत! बा सत्याग्रहात उतरल्या आणि तीन महिने सक्तमजुरी भोगून आल्या. पुढे साबरमतीला 'हृदयकुंज'मध्ये त्यांना स्वतःची खोली होती. पण १९३३ साली तो आश्रमच विसर्जित झाला आणि संसार पुन्हा उचलला.

आणि सगळ्यात मोठं घर कोणतं? पुण्याचा आगाखान पॅलेस, १८९२ साली बांधलेला. लेकीकडे, सुनेकडे पुण्याला जाल तेव्हा येरवड्याजवळ नगर रस्त्यावर वेळ काढून जाच. कमानी, लांबलचक व्हरांडे, बाग. पण बांसाठी तो तुरुंग होता. ९ ऑगस्ट १९४२ ला त्यांना मुंबईत अटक झाली आणि मग तिथे ठेवलं. २२ फेब्रुवारी १९४४ ला, महाशिवरात्रीच्या दिवशी, गांधीजींच्या मांडीवर डोकं ठेवून बा गेल्या. गांधीजींनी स्वतः कातलेल्या सुताची साडी नेसवून त्यांना निरोप दिला. महादेवभाई देसाईंच्या समाधीशेजारी आवारातच त्यांची समाधी आहे. बाहेर पडायची मोकळीक नसलेल्या वाड्यापेक्षा सेवाग्रामची ती झोपडी मोठी होती, असं मला तिथे उभं राहून वाटलं.

बांच्या नावानं देशानं मग किती जागा बांधल्या! त्यांच्या स्मृतीसाठी एक कोटीहून अधिक निधी जमला. खेड्यातल्या बायका-मुलांसाठी कस्तुरबा ट्रस्ट निघाला, त्याचं मुख्य ठिकाण इंदूरजवळ कस्तुरबाग्रामला आहे. आगाखान पॅलेसमध्ये बांची शुश्रूषा करणाऱ्या डॉ. सुशीला नय्यर यांनी सेवाग्रामचा १५ खाटांचा दवाखाना वाढवला, १९६९ साली तिथे वैद्यकीय महाविद्यालय उभं राहिलं. २००४ पासून मुलींसाठी कस्तुरबा गांधी बालिका विद्यालयं निघाली, आणि बांना स्वतःला शिकायला फारसं मिळालं नव्हतं. या सगळ्या मोठाल्या इमारती त्या गेल्यानंतरच्या. जिवंतपणी, त्यांच्या सोयीचा विचार करून बांधलेली ती एवढीशी कुटी.

आता जाऊबाईंची गोष्ट पुरी करते. उन्हं उतरली, तेव्हा कुटीच्या भिंतीवर हात ठेवून त्या म्हणाल्या, "इतकी जागा असती तं बस झालं असतं मले."

मैत्रिणींनो, वीस वर्षं मी त्यांच्याबरोबर एका घरात राहिले. माझ्या कपाटाला किल्ली नाही म्हणून मी कितीदा कुरकुरले असेन. पण या बाईला सबंध वाड्यात स्वतःची म्हणून खुंटीसुद्धा नाही, हे मला कधी दिसलं नाही. परत आल्यावर मी घरात विषय काढला. मागच्या खोलीत हळदीची पोती असत, ती गोठ्याकडे हलवली. बाज टाकली, खिडकी उघडली. जाऊबाई त्या खोलीत तीन वर्षं राहिल्या. त्या गेल्या, पण आम्ही आजही तिला 'बाईंची खोली' म्हणतो.

तर पत्र लिहिणाऱ्या भगिनी, माझं उत्तर असं :

पहिलं, कुढत बसू नका. पण रागाच्या भरातही बोलू नका. रात्रीची जेवणं झाल्यावर, सगळे असताना, 'मला एवढी जागा हवी' असं माप सांगून मागा. नुसतं 'माझ्यासाठी कुठे काय आहे' म्हटलं, तर ते भांडण होतं. 'खिडकीजवळची चार बाय सहा फूट' म्हटलं, की त्याचा विचार होतो.

दुसरं, आडोसा करा. एक जुनी सुती सहावारी साडी मधून कापली, की दोन पडदे होतात. वर तीन इंच दुमडून दोरी जाईल अशी शिवण घाला, खाली पदराचा काठ येऊ द्या. पडदा ओढला, की हाक मारायची नाही, हा नियम लहानांनाही शिकवा.

तिसरं, एक पत्र्याची ट्रंक. आत सुकवलेला कडुनिंबाचा पाला, वर गोधडीची घडी, म्हणजे बसायलाही झाली. तुमचं बँकेचं पासबुक, औषधपाण्याचे कागद, माहेरची पत्रं त्यात ठेवा. कुलूप लावा. किल्ली तुमच्याचपाशी.

चौथं, दुपारची एक वेळ ठरवा. त्या वेळात झोपा, वाचा, नाहीतर नुसत्या बसा. काय केलंस, हे कुणी विचारलं तर सांगायचं बंधन नाही.

आणि पाचवं. सासूबाईंचं देवघर आहे, असं तुम्ही लिहिलंत. पण देवघर तर देवाचं! त्यांना पाय पसरून बसायला कुठे जागा आहे, तेही एकदा पाहा. मागताना दोघींसाठी मागा. एकटीच्या मागण्यापेक्षा दोघींच्या मागण्याला वजन येतं.

सेवाग्रामला जाणाऱ्यांनी दशम्या, पाण्याची बाटली आणि डोक्याला रुमाल बरोबर घ्यावा; ऊन फार. जमलं तर संध्याकाळच्या प्रार्थनेपर्यंत थांबा. येताना कळंबला चिंतामणीचं दर्शन होतं. आणि बा कुटीच्या पडवीत पाच मिनिटं तरी टेका. दवाखान्याच्या कामानं गेलात, तरीसुद्धा.

तुमचा कोपरा झाला, की मला जरूर कळवा.

— तुमची ताई, उमरखेड