गांधीजी धावत नव्हते

२ ऑक्टोबर आला की वाहिन्यांवर आणि नव्या माहितीपटांत दांडीयात्रेची तीच ती दृश्यं फिरू लागतात. काठी टेकत गांधीजी जवळजवळ पळताहेत आणि मागचे सत्याग्रही त्यांना गाठायला दुडदुडताहेत. घरातली पोरं फिदीफिदी हसतात. त्यांचं काय चुकलं? गांधीजी झपाझप चालत हे खरं. मार्च-एप्रिल १९३० मध्ये, वयाच्या एकसष्टाव्या वर्षात, सुमारे ३८५ किलोमीटर चालून ते दांडीला पोहोचले. पण पडद्यावरची ही लगबग त्यांची नाही, संकलकाची आहे.

मूकपटाच्या जमान्यात कॅमेऱ्याचं हँडल बहुधा हातानं फिरवत. सेकंदाला सोळा-अठरा चौकटी पडत, त्याही कॅमेरामनच्या मनगटाप्रमाणे कमीजास्त. बोलपट आला आणि वेग चोवीसवर पक्का झाला. सोळानं टिपलेलं चोवीसनं दाखवलं, की मिनिटभराची चाल चाळीस सेकंदांत उरकते. यावर उपाय जुनाच आहे. पूर्वी मधल्या काही चौकटी दुबार छापत, आता तेच काम संगणक करतो. तेवढेही कष्ट न घेण्याला आळसाखेरीज कारण दिसत नाही.

बरं, चौकट तरी शाबूत ठेवावी! जुनं चित्र चारास तीन, आजचा पडदा सोळास नऊ. कडेच्या काळ्या पट्ट्या निर्मात्याला खुपतात, म्हणून चित्र ताणून वरखाली मिळून पाव भाग छाटला जातो. पदयात्रेच्या चित्रणातून पायच गायब. वर मूक दृश्याला पावलांचे आवाज आणि स्टुडिओतल्या घोषणा चिकटवायच्या, तेही प्रेक्षकाला न सांगता.

दिग्दर्शक पीटर जॅक्सननं २०१८च्या ‘दे शाल नॉट ग्रो ओल्ड’ या माहितीपटात पहिल्या महायुद्धातल्या चित्रणाचा वेग सुधारला, तेव्हा ती कळसूत्री बाहुल्यांसारखी माणसं एकदम आपल्यातली वाटली. हे मोठंच काम. पण त्यानं रंग भरले, ओठ वाचणारे बसवून सैनिकांच्या तोंडी शब्दही घातले. वेग सुधारणं ही दुरुस्ती. रंग भरणं हा, कितीही अभ्यासपूर्ण असला तरी, अंदाज. आपल्याकडे या दोहोंची सरमिसळ होते आणि तिला सरसकट ‘पुनरुज्जीवन’ म्हणतात.

ए. के. चेट्टियार या तमिळ पत्रकारानं गांधीजींची चित्रणं मिळवायला देशोदेशी पायपीट केली, तेव्हा कुठं १९४० साली त्याचा माहितीपट झाला. आज तसलं चित्रण घरबसल्या मिळतं. कुणी, कुठं, कधी टिपलं याची चौकशी मात्र होत नाही. श्रेयनामावलीत ड्रोन उडवणाऱ्यापासून चहा देणाऱ्यापर्यंत सगळ्यांची नावं येतात. या दृश्यांवर कोपऱ्यात बारीक अक्षरांत असतं, ‘संग्रहित’.