चित्रसृष्टीचे औदार्य

२०११ च्या प्रारंभी अवतार किशन हंगल यांना औषधोपचाराचा खर्च झेपेनासा झाल्याचे वृत्त फुटताच मुंबईच्या चित्रसृष्टीतील मातब्बरांनी मदत धाडली आणि वृत्तपत्रांनी त्यांच्या औदार्याचे पोवाडे गाइले. या औदार्याचा हिशेब मांडावयास हवा.

हंगल कराचीचा तुरुंगवास भोगून १९४९ साली मुंबईत आले. शिंपीकाम हे पोटाचे साधन. इप्टाचा रंगमंच आणि कम्युनिस्ट चळवळ हे जीवन. पन्नाशीच्या सुमारास ‘तीसरी कसम’मधून (१९६६) ते पडद्यावर आले आणि दोनशेहून अधिक चित्रपटांत बाप, मास्तर, नोकर झाले, ‘शोले’तला (१९७५) इमाम तर सर्वांना ठाऊक आहे. साहाय्यक नटाचा मोबदला कामापुरता; चित्रपट मात्र मालकाला पिढ्यान् पिढ्या पोसतो!

१९९३ साली मुंबईतील पाकिस्तानी वकिलातीच्या समारंभास गेले म्हणून शिवसेनेने त्यांच्यावर बहिष्कार पुकारला. तेव्हा निर्मात्यांनी त्यांची कामे काढून घेतली, चित्रित झालेली दृश्येही कापली. ती बुडालेली मिळकत कोणी भरून दिली? बड्या नायकाच्या बाबतीत हीच मंडळी दहादा विचार करती.

चित्रपटाच्या प्रत्येक पुनर्विक्रीतून साहाय्यक नटांच्या वार्धक्यासाठी कायद्याने वाटा निघाला पाहिजे, आणि तोही थकलेली मजुरी म्हणून. २००६ साली हंगल यांना पद्मभूषण देणाऱ्या शासनाला एवढे अवघड नव्हते. २०१२ साली, मृत्यूच्या काही महिने आधी, ते पुन्हा एका दूरचित्रवाणी मालिकेच्या चित्रीकरणास गेले. त्याचे कलाप्रेम म्हणून कौतुक झाले. ते कलाप्रेम होतेच. पण नव्वदी उलटलेल्या नटाला निश्चिंतपणे घरी बसण्याची सोय या धंद्याने ठेवली होती काय?