चुचकारण्याला अक्षर नाही

स्वप्नात बोलली जाणारी एखादी काल्पनिक भाषा रचायची झाली, तर रचणाऱ्याला पहिला मोह पडतो तो क्लिक व्यंजनांचा. जिभेचा मागचा भाग टाळूला आणि पुढचा दातांना टेकवायचा, मधल्या पोकळीतली हवा विरळ करायची आणि पुढचा अडसर एकदम सोडायचा. हवा आत शिरते आणि ध्वनी उमटतो. आपले प, त, क बाहेर पडणाऱ्या श्वासावर उभे आहेत. हे ध्वनी उलट्या वाटेने येतात. म्हणून ते स्वप्नातले, परके वाटतात. आमच्या मते हा परकेपणा कानाचा नसून लिपीचा आहे.

जुन्नर-आंबेगावच्या शिवारात बैल हाकणारा शेतकरी जिभेने टकटक करतो, वासराला चुचकारतो. वाईट बातमी ऐकून घरातली म्हातारी चुकचुकते. शंका आली की मनात पाल चुकचुकते. मराठीने या आवाजांना क्रियापदे दिली, वर्णमालेत जागा मात्र दिली नाही. ‘च्च’ असे लिहिले तरी वाचताना उमटतो तो निराळाच ध्वनी. वर्गात ध्वनिविचार शिकवताना आम्हीही वर्णमालेपाशीच थांबत आलो, हे कबूल केले पाहिजे.

मराठीत या ध्वनींनी शब्द घडत नाहीत, हा आक्षेप रास्तच आहे. दक्षिण आफ्रिकेतल्या खोसा भाषेत ते घडतात. तिथे रोमन लिपीतील सी, क्यू आणि एक्स ही अक्षरे या व्यंजनांसाठीच राखली आहेत. त्या ध्वनींत तिथे बाजारहाट होतो, भांडण होते, अंगाई गायली जाते. तरीही सतराव्या शतकात केपच्या किनाऱ्यावर उतरलेल्या युरोपीय प्रवाशांना तिथल्या खोईखोई लोकांचे बोलणे कोंबड्यांच्या कलकलाटासारखे वाटले आणि ती भाषाच नव्हे, असेही म्हटले गेले. काल्पनिक भाषेत केवळ विचित्रपणासाठी क्लिक पेरणारा लेखक नकळत त्याच प्रवाशांच्या पंगतीला बसतो.

रचलेल्या भाषेत क्लिक असूच नयेत, असे आमचे म्हणणे नाही. ऑस्ट्रेलियातील मॉर्निंग्टन बेटावरच्या लार्डिल लोकांची ‘डामिन’ ही अशीच जाणीवपूर्वक घडवलेली विधिभाषा होती. आफ्रिकेबाहेर क्लिक व्यंजने असलेली ती एकमेव ज्ञात भाषा. पण ती दीक्षा घेऊन शिकावी लागे. विधी थांबले, तशी तीही मिटत गेली.

आणि स्वप्नातल्या भाषेचा दाखला तर आमच्या तालुक्यातच आहे. तुकोबांना स्वप्नात उपदेश करणाऱ्या बाबाजी चैतन्यांची समाधी परंपरेनुसार ओतूरला आहे. त्या स्वप्नातली भाषा अगम्य नव्हती. गुरूने ‘राम कृष्ण हरी’ हा मंत्र दिला आणि जेवणासाठी पावशेर तूप मागितले. जवळच आळे गावी, ज्ञानदेवांनी ज्याच्या मुखातून वेद वदवले त्या रेड्याची समाधी आहे. तिथे जनावराने माणसाची भाषा घेतली. शेतकरी रोज उलट करतो; आपली वर्णमाला बाजूला ठेवून जनावराशी बोलतो.

तेव्हा स्वप्नभाषेत क्लिक जरूर असावेत, पण जवळिकीसाठी. ज्या आवाजाने आपण वासराला जवळ बोलावतो, त्याच आवाजावरून माणसाला दूर लोटू नये.