अंगठ्यांतील विद्या

परदेशाहून परतलेल्या माणसाला आपल्याकडे पहिला प्रश्न विचारण्यांत येतो तो 'काय काय पाहिलेंत?' हा. दुसरा प्रश्न बहुधा घरांतील वडील स्त्रियांकडून येतो, आणि तो 'खाण्यापिण्याचे हाल नाहीं ना झाले?' असा असतो. पहिल्याचें उत्तर देण्यास हल्लीं छायाचित्रें समर्थ आहेत. दुसऱ्याचें उत्तर मात्र ज्याचें त्यालाच द्यावें लागतें, आणि आमच्या मतें परक्या देशाची खरी ओळख त्याच उत्तरांत असते. देवळें, राजवाडे, पुतळे हीं परक्यानें पाहावींत म्हणूनच उभीं असतात. चूल मात्र ज्याला घरांत घेतलें त्यालाच दिसते. म्हणून या खेपेस प्रेक्षणीय स्थळांचें वर्णन बाजूस ठेवून, इटलींतील एका स्वयंपाकघरांत आम्हीं घेतलेल्या पास्त्याच्या पाठाची व त्या रात्रीच्या भोजनाची हकीकत वाचकांपुढें ठेवीत आहों.

इटलीचा आकार बुटासारखा आहे हें शाळकरी मुलांनाही ठाऊक असतें. त्या बुटाची टांच म्हणजे पुलिया प्रांत, आणि एड्रियाटिक समुद्राच्या कांठचें बारी हें त्याचें मुख्य शहर. पास्ता म्हटला कीं आपल्याकडे एकच पदार्थ डोळ्यांपुढें येतो. परंतु इटलींत उत्तरेचा व दक्षिणेचा पास्ता आपल्या पोळी-भाकरीइतका निराळा. उत्तरेस बोलोन्याच्या बाजूस मऊ गव्हाचें पीठ अंड्यांत भिजवितात. १०० ग्रॅम पिठास एक अंडें हें तेथील घरोघरचें प्रमाण. दक्षिणेस कठीण गव्हाचा रवा आणि पाणी, एवढ्यावर काम भागतें. ज्या घरांत अंडें चालत नाहीं अशा घरच्या आम्हां मंडळींनीं दक्षिणेची वाट धरावी हें स्वाभाविकच होतें. हा कठीण गहूंही आपल्याला परका नव्हे. आपला बन्सी गहूं त्याच जातीचा, आणि खपली हा त्याचा जवळचा नातलग. इटलींत या गव्हाचा मान इतका मोठा कीं, वाळवून विकावयाचा पास्ता याच गव्हाच्या रव्याचा असला पाहिजे असें १९६७ सालीं कायद्यानेंच ठरविण्यांत आलें.

जुन्या बारी शहरांत किल्ल्याजवळ 'आर्को बास्सो' म्हणजे 'ठेंगणी कमान' या नांवाचा एक बोळ आहे. तेथें घराच्या उंबऱ्याशीं लाकडी मेज मांडून बायका 'ओरेक्येत्ते' वळीत बसलेल्या दिसतात. इटालियन भाषेंत 'ओरेक्यो' म्हणजे कान. तेव्हां ओरेक्येत्ते म्हणजे इवलेसे कान. वळून झालेले हे कान जाळीच्या चौकटींवर पसरून तेथेंच वाळत ठेवलेले असतात. एकीचे हात चालू असतात, दुसरी समोरच्या खिडकींतल्या बाईशीं बोलत असते, आणि येणारेजाणारे प्रवासी पाहत उभे असतात. उन्हाळ्यांत आपल्या वाड्यांच्या चौकांत शेवयांचे पाट मांडलेले असत, त्या दिवसांची आठवण ज्यांना आहे त्यांना हें दृश्य मुळींच अपरिचित वाटणार नाहीं.

आमचा पाठ पलीकडच्या एका गल्लींत, सत्तरी ओलांडलेल्या एका बाईंच्या घरीं होता. त्यांना इंग्रजी येत नव्हतें. त्यांची नात दुभाषाचें काम करी. शिकणारीं आम्ही सहा माणसें. बाईंनीं पाटावर ४०० ग्रॅम अगदीं बारीक, दोनदां दळलेला रवा ओतला, त्याचें झाडाच्या आळ्यासारखें आळें केलें आणि त्यांत कोमट पाणी थोडथोडें घालीत गेल्या. पाणी रव्याच्या साधारण निम्मे, पण 'हवेंत दमटपणा किती आहे तें पाहून,' असें त्यांनीं बजावलें. पुरीच्या पिठाहून घट्ट असा तो गोळा तळहाताच्या टांचेनें दहा मिनिटें रगडावयाचा, आणि मग भांड्याखालीं झांकून अर्धा तास विसांवा द्यावयाचा. रवा पाणी पिण्यास वेळ घेतो. घाई केली तर गोळा फाटतो.

यापुढचें काम म्हणजे खरी परीक्षा. गोळ्याची करंगळीएवढी वळी लांबवावयाची, तिचे मोठ्या हरभऱ्याएवढे तुकडे पाडावयाचे, आणि एकेक तुकडा बोथट टोंकाच्या सुरीखालीं दाबून आपल्याकडे ओढावयाचा. सुरीखालीं तुकडा पातळ होऊन गुंडाळतो. त्याच क्षणीं तो अंगठ्याच्या टोंकावर उलटा करावयाचा, कीं झाला कान तयार. खरबरीत बाजू बाहेर येते आणि तिला तेल व भाजी चिकटून राहते. पोकळींत रस सांठतो. आकार केवळ शोभेचा नाहीं, तो चवीच्या सोयीचा आहे. लाकडी पाटच हवा, गुळगुळीत दगड चालत नाहीं, कारण पाटाच्या रेषांनीं खरबरीतपणा येतो.

सांगावयास हें चार वाक्यांत झालें; करावयास बसलों तेव्हां सहा जणांच्या पाटांवर कोणाचे कान फाटलेले, कोणाचे सुजलेले, तर कोणाचे कानच नव्हेत अशी स्थिति झाली. बाई हंसल्या व कांहीं बोलल्या. नात म्हणाली, "आजी म्हणते, सुरीकडे पाहूं नका, अंगठ्याला विचारा."

आम्हां उभयतांपैकीं एकाचा हात केवळ लेखणी धरणारा. त्याचा अंगठा कांहीं बोलेना. दुसरीचा हात लहानपणीं आजोळीं गव्हले वळून तयार झालेला. तिचे कान चटकन् उतरूं लागले तेव्हां बाई जवळ आल्या आणि 'हें तुम्हीं पूर्वीं केलेलें आहे' असें ठामपणें म्हणाल्या. हें नव्हे पण दुसरें केलें आहे असें सांगतांच 'मग दाखवा' असा हट्ट झाला. त्याच गोळ्याची चिमूट घेऊन अंगठा व तर्जनी यांमध्यें पांचसात गव्हले वळले गेले. बाईंनीं चष्मा लावून एक गव्हला तळहातावर घेतला आणि नांव विचारलें. गव्हाच्या दाण्यासारखा म्हणून गव्हला. नखानें दाबलेली ती नखुली. बोटावर वळलेली ती बोटवी. शिवाय मालत्या आणि फेण्या. आणि हें सारें वळवट लग्नाच्या रुखवतांत मांडतात, असें सांगितल्यावर त्या खळखळून हंसल्या. "तुमच्याकडे नखें, आमच्याकडे कान! सगळीकडच्या बायकांना आपल्या अंगाखेरीज दुसरें माप कोठें होतें?"

मग त्यांनीं सहज विचारलें, "तुमच्या गांवीं हें कोण शिकवितें?"

आम्हीं सांगितलें, "आतां फारसें कोणी नाहीं. विकत मिळतें."

बाई क्षणभर थांबल्या. नातीनें त्यांचें उत्तर जसेंच्या तसें सांगितलें तें असें: "विकत मिळणें कांहीं वाईट नव्हे. मीही विकतें. पण ज्या हातानें विकावयाचें, तो हात आधीं कोणी तरी शिकवावा लागतो."

त्यांची स्वतःची शिकवण सातव्या वर्षीं, आईशेजारीं तिवईवर उभी करून झाली. त्या वेळीं तें शिक्षण नव्हतें. घरांत खाणारीं तोंडें पुष्कळ, म्हणून मुलीच्या हातांचीही गरज होती. बाहेर मुलांचा खेळ रंगलेला असतां पाटाशीं बसण्याचा कंटाळा येई, हें त्यांनीं मुळींच लपविलें नाहीं. त्या कामाचे त्यांच्या आईला कोणीं कधीं पैसे दिले नाहींत, कौतुकही केलें नाहीं. आज त्याच कामासाठीं दूरदेशींचीं माणसें पैसे मोजून त्यांच्या दाराशीं येतात. "तेव्हां तें काम होतें, आतां ती कला झाली," असें त्या म्हणाल्या. "हात तेच आहेत."

रात्रीचें भोजन त्याच मेजावर झालें. आरंभीं मक्याच्या पिठाच्या उकडीच्या तळलेल्या वड्या आल्या; बारीच्या गल्ल्यांत त्या कागदांत बांधून विकतात. नंतर 'फावा' नांवाच्या, वालासारख्या द्विदल धान्याचें सालें काढून घोटलेलें दाट वरण, आणि त्याशेजारीं उकडलेल्या चिकोरीचा कडू पाला. ज्या चिकोरीचें मूळ आपल्याकडे कॉफींत घालतात, तिचाच हा पाला. वरून ऑलिव्हच्या तेलाची धार. गोड वरण आणि कडू भाजी एका घांसांत घ्यावयाचीं. दोन्ही मिळून जी चव होते ती निराळ्या निराळ्या घांसांत नाहीं.

त्यानंतर आमचे कान आले. त्यांच्या जोडीला 'चीमे दी रापा' म्हणजे सलगमाच्या जातीचे कोंवळे तुरे. आपल्या मोहरीच्या पाल्याची ही जवळची बहीण. भाजी व पास्ता एकाच भांड्यांत, एकाच पाण्यांत शिजवावयाचा ही येथील खूण, त्यामुळें भाजीचा कडसरपणा पास्त्यांत मुरतो. मग तेलांत लसूण व लाल मिरची. या फोडणींत खारविलेली लहान मासळी विरघळविण्याची रीत आहे. आम्हीं आधींच कळविल्यामुळें ती वगळण्यांत आली. वरून चीजऐवजीं शिळ्या पावाचा तेलांत परतलेला चुरा होता. दक्षिणेंत त्याला गरिबाचें चीज म्हणतात. शाकाहारी वाचकांना येथें एक सूचना करणें आवश्यक आहे. तेथील जुन्या धर्तीचें बहुतेक चीज वासराच्या किंवा कोंकराच्या जठरांतील द्रव्यानें घट्ट केलेलें असतें. तेव्हां केवळ 'मांस नाहीं ना?' एवढें विचारून भागत नाहीं. पावाचा चुरा मात्र निर्धास्तपणें खावा. जेवण संपतांना बडीशेपेचा कच्चा, रसाळ कंद पुढें आला, आणि भोजनोत्तर बडीशेपेची आमची संवय येथेंही सुटली नाहीं याचें आम्हांस हंसूं आलें.

पुलियांत काळपट रंगाचेही ओरेक्येत्ते मिळतात. पीक कापून झाल्यावर शेतांतील धसकटें जाळीत. त्या राखेंत उरलेले होरपळलेले दाणे गोरगरीब वेंचून दळीत, असें सांगतात. आज तोच धुरकट स्वाद आणण्यासाठीं गहूं मुद्दाम भाजतात आणि भोजनगृहें त्याचे चढे दाम घेतात. जी वस्तु लाचारीनें खाल्ली ती कांहीं काळानें चोखंदळांची होते, ही गोष्ट सर्वत्र घडते. त्यांत हंसण्यासारखें कांहीं नाहीं. प्रश्न एवढाच कीं, वाढलेल्या दामांतलें वेंचणाऱ्यांच्या आणि वळणाऱ्यांच्या हातीं काय येतें?

बारींतही हा प्रश्न सुटलेला नाहीं. नोव्हेंबर २०१९ मध्यें तेथील एका भोजनगृहाला दंड झाला व तीन किलो ओरेक्येत्ते फेंकून द्यावे लागले. ते बाधक होते असें नव्हे. कोणत्या हातांनीं, कोणत्या रव्याचे वळले याची कागदोपत्रीं नोंद नव्हती. खाद्यवस्तूचा माग ठेवण्याचा नियम कारखान्याला सोपा, उंबऱ्याशीं बसणाऱ्या बाईला कठीण. २०२४ सालीं त्याच्या उलट तक्रार आली: कारखान्यांत झालेला पास्ता हातानें वळलेला म्हणून प्रवाशांच्या गळ्यांत घालण्यांत येतो, त्याचीं रिकामीं खोकीं जवळच्या कचऱ्यांत दिसतात, आणि चौकशी सुरू झाली. विद्येला दाम आला कीं तिच्यामागोमाग कायदा येतो आणि लबाडीही येते. तरी आम्हांला वाटतें, कीं हीं दुखणीं जिवंत विद्येचीं आहेत. ज्या कलेची कोणी नक्कलही करीत नाहीं, तिची प्रकृति फारच खालावलेली समजावी.

डिसेंबर २०२५ मध्यें दिल्लीच्या लाल किल्ल्यांत युनेस्कोची बैठक भरली होती. मानवजातीच्या अमूर्त वारशाच्या यादींत आपल्या दीपावलीचा समावेश झाला तो या बैठकींत, आणि इटलीच्या पाकपरंपरेचाही समावेश त्याच बैठकींत झाला. बहुमान मोठा, यांत शंका नाहीं. पण यादींत नांव लिहिल्यानें हात तयार होत नाहींत. पाकशास्त्राचीं पुस्तकें आपल्याकडेही उत्तम आहेत. लक्ष्मीबाई धुरंधरांच्या 'गृहिणी-मित्रा'स १९१० सालीं आरंभ झाला आणि १९७० सालीं कमलाबाई ओगल्यांची 'रुचिरा' घरोघर पोंचली. पुस्तक प्रमाण सांगतें, क्रम सांगतें. अंगठ्यानें किती दाबावयाचें तें पुस्तकांत लिहितां येत नाहीं. तें शेजारीं बसूनच घ्यावें लागतें.

येथें जुन्या काळाचे गोडवे गाण्याचा आमचा हेतु नाहीं. शेवयांच्या यंत्रानें आपल्या कितीएक माताभगिनींचे खांदे व पाठी वांचविल्या आहेत, आणि ज्यांनीं पाटाशीं बसून उन्हाळे घालविले त्यांना तें यंत्र शापासारखें वाटलें नसेल. सक्तीचें वळवट गेलें तें बरेंच झालें. परंतु सक्ति गेली म्हणजे विद्याही गेलीच पाहिजे असें थोडेंच आहे? सक्ति गेल्यावरच ती विद्या आवडीनें शिकण्याजोगी होते. आणि तेव्हां ती मुलीनेंच शिकावी, मुलानें शिकूं नये, यालाही कांहीं आधार उरत नाहीं. शिवाय रुखवतासाठीं गव्हले-मालत्या विकत घेतांना, त्या वळणाऱ्या बाईशीं दोन रुपयांची घासाघीस करण्यापूर्वीं एकेका दाण्यास किती वेळ लागतो हें आपण एकदां स्वतः वळून पाहावें. भाव करण्याची इच्छा आपोआप कमी होईल.

ज्यांच्या घरीं वळवट येणारी सासू, आई, आत्या अथवा शेजारची आजी आहे, त्यांनीं येत्या रविवारीं पाव किलो बारीक रवा दुधांत घट्ट भिजवावा, झांकून मुरूं द्यावा आणि मुलांसह त्यांच्याशेजारीं बसावें. पहिल्या दिवशीं खिरीपुरतेही गव्हले होणार नाहींत. झाले तेवढे सावलींत वाळवून डब्यांत भरावे, डब्यावर तारीख घालावी, आणि त्याखालीं शिकविणारीचें नांव लिहावें.