स्मारकाचा दगड आणि मतदारयादी

अमेरिकेच्या नैऋत्येकडील न्यू मेक्सिको राज्याला आपल्या सैनिकांचा विसर पडला, असे कोणालाही म्हणता येणार नाही. १९४१ साली या राज्याच्या नॅशनल गार्डचे सुमारे १,८०० जवान विमानविरोधी तोफखान्याबरोबर फिलिपीन्सला गेले. त्यांत स्पॅनिशभाषिक तरुण पुष्कळ होते. नव्हाहो आणि प्वेब्लो या आदिवासी जमातींचेही होते. ९ एप्रिल १९४२ रोजी बटान पडले. ती कुप्रसिद्ध मृत्युयात्रा आणि नंतरची साडेतीन वर्षांची जपानी कैद यांत जवळजवळ निम्मे दगावले. जेमतेम सव्वापाच लाख वस्तीच्या राज्याला हा घाव केवढा वाटला असेल, याची कल्पना करता येते. सँता फे येथील जुन्या विधानभवनाला पुढे बटानचे नाव देण्यात आले. १९८९ पासून स्मृतिप्रीत्यर्थ लांब पल्ल्याची पदयात्रा निघू लागली. हे सारे योग्यच आहे.

परंतु स्थानिक इतिहास नुसत्या स्मारकांवरून वाचला, तर त्याचा अर्धाच भाग हाती लागतो. उरलेला भाग कचेरीच्या दप्तरात असतो.

मिगेल त्रुहियो हे इस्लेटा प्वेब्लो येथील आदिवासी शिक्षक. युद्धकाळात ते मरीन दलात सार्जंट होते. जून १९४८ मध्ये ते लॉस लुनास येथील काउंटी कचेरीत मतदार म्हणून नाव नोंदविण्यास गेले आणि तेथे त्यांना नकार मिळाला. राज्यघटनेत कलमच होते की, 'कर न देणाऱ्या इंडियनांना' मताधिकार नाही. १९२४ च्या कायद्याने सर्व आदिवासींना अमेरिकन नागरिकत्व मिळून तेव्हा चोवीस वर्षे लोटली होती! याचा सरळ अर्थ असा की, बटानच्या कैदेतून जिवंत परतलेला आणि राखीव भूमीवर राहणारा प्वेब्लो जवानदेखील तोवर आपल्या राज्यात मत देऊ शकत नव्हता.

अर्थशास्त्राच्या विद्यार्थ्याने हे कलम जरा निरखून पाहावे. राखीव भूमीवर मालमत्ता कर नव्हता, एवढेच काय ते खरे. मिळकतीवरचा आणि खरेदीवरचा कर त्रुहियो चारचौघांसारखाच भरीत होते. शिवाय, कर देत नाही या कारणास्तव दुसऱ्या कोणाचेही मत हे राज्य नाकारीत नव्हते. अट होती ती केवळ इंडियनांना. तीन न्यायाधीशांच्या संघीय न्यायालयाने ३ ऑगस्ट १९४८ रोजी या भेदावरच बोट ठेवून त्रुहियोंच्या बाजूने निकाल दिला. शेजारच्या ॲरिझोनातील सर्वोच्च न्यायालयानेही त्याच वर्षी जुलैमध्ये आदिवासींचा मताधिकार मान्य केला होता. तेथील फिर्यादींतही एक माजी सैनिक होता.

लॉस लुनासच्या अधिकाऱ्याने नियमाबाहेर काही केले नाही, असा युक्तिवाद होईल. तो मान्य करावा लागेल; नियम दाखविणारा माणूस प्रत्येक कचेरीत असतोच, आणि तो दुष्ट असतो असे नाही. म्हणूनच तो नकार स्थानिक इतिहासात नोंदला गेला पाहिजे, असे प्रस्तुत लेखकास वाटते. सन्मानसमारंभात असल्या गोष्टी उकरून काढू नयेत, असे म्हणणारे सभ्य लोक सर्वत्र भेटतात. पण सन्मानाचा खर्च बहुधा एकदाच येतो आणि कोणाचेही त्यात नुकसान होत नाही. हक्क देणे म्हणजे सत्तेत वाटेकरी घेणे. पहिल्याची घाई आणि दुसऱ्याची टाळाटाळ यांचे मूळ या फरकात आहे.

कर्जाची हकीकत अधिक रुक्ष, म्हणून ती भाषणांतून सहसा येत नाही. १९४४ च्या कायद्याने परतणाऱ्या सैनिकांना घरासाठी कर्जाची सोय झाली. कर्ज बँकेने द्यावयाचे आणि हमी सरकारने. बँकेला तारण हवे. आदिवासींची राखीव भूमी मात्र संघसरकारच्या विश्वस्त ताब्यात, गहाण टाकता न येणारी. म्हणजे ज्या सरकारने हमी दिली, त्याच्याच जमीनव्यवस्थेमुळे ती हमी निरुपयोगी ठरली. आपल्या मातृभाषेवर रचलेल्या सांकेतिक लिपीतून पॅसिफिकच्या रणभूमीवर संदेश पोचविणारे नव्हाहो जवानही याच पेचात सापडले. त्यांची कामगिरी १९६८ पर्यंत गुप्त होती. पहिल्या २९ जणांसाठी काँग्रेसची सुवर्णपदके २००१ साली आली, तेव्हा त्यांपैकी थोडेच हयात होते. त्यांच्या कामगिरीला गुप्ततेची सबब तरी होती. तारणाची अडचण पहिल्या दिवसापासून उघड होती, आणि तीवर उपाय म्हणून आदिवासी माजी सैनिकांना सरकारने थेट कर्ज द्यावे, असा कायदा झाला तो १९९२ साली. १९४५ मध्ये पंचविशीत घरी परतलेला जवान तोपर्यंत बहात्तर वर्षांचा झाला होता.