चॉकलेटचा छोटा केक आणि घराची पत



मुलांचा वाढदिवस असो, शाळेचा डबा असो वा दुपारच्या पाहुण्यांची बशी असो, चॉकलेटचे आवरण चढवलेला, तळहातात मावणारा छोटा केक हल्ली सर्वत्र दिसतो. आपल्या घरांतील आजी तो हातात घेऊन पहिला प्रश्न विचारते, "यात अंडे नाही ना?" नातू वेष्टनावरील हिरवा ठिपका दाखवतो आणि प्रश्न तिथेच मिटतो. तो खरोखरच तिथे मिटावा का, याचा विचार आज करू.

या खाऊचा इतिहास मनोरंजक आहे. अमेरिकेतील टेनेसी राज्यात, चॅटनूगा येथील एका बेकरीने १९१७ साली 'मून पाय' बाजारात आणला. दोन बिस्किटांमध्ये मार्शमॅलोचा मऊ थर आणि वर चॉकलेटचे आवरण, अशी त्याची रचना होती. त्याच धर्तीवर दक्षिण कोरियातील ओरायन कंपनीने १९७४ साली 'चोको पाय' काढला. पुढे उत्तर कोरियातील केसाँग येथे दोन्ही कोरियांची संयुक्त औद्योगिक वसाहत उभी राहिली. तेथील दक्षिणेकडच्या कारखानदारांना कामगारांच्या हाती रोख बक्षीस देता येत नसे, म्हणून ते चोको पाय वाटीत. कामगार ते स्वतः न खाता बाजारात विकू लागले आणि पाहता पाहता तो खाऊ जणू चलन बनला. ज्याचे आयुष्य बँकेच्या खतावण्यांत गेले, त्याला यात नवल वाटत नाही. प्रत्येक नग सारखा, वेष्टन बंद आणि आत काय आहे याबद्दल घेणाऱ्याला खात्री. चलन चालते ते अशाच खात्रीवर. आपल्या व्यापारी भाषेत तिलाच पत म्हणतात.

आता आपल्या ठिपक्याची पत तपासू. मार्शमॅलो परंपरेने जिलेटिन घालून करतात आणि जिलेटिन जनावरांच्या हाडा-कातड्यांपासून निघते. भारतात हिरवा ठिपका असलेल्या पदार्थात अंडे किंवा जिलेटिन चालत नाही. तेवढी हमी ठिपका देतो आणि ती मोलाची आहे. परंतु अन्न सुरक्षा प्राधिकरणाच्या २०२० च्या लेबलविषयक नियमांत मांसाहारी पदार्थाची जी व्याख्या आहे, तिच्यातून दूध व दुग्धजन्य पदार्थांबरोबरच मध, मधमाशीचे मेण आणि शेलॅक म्हणजे लाख, या गोष्टीही वगळल्या आहेत. याचा अर्थ असा की, मध घातलेल्या किंवा लाखेची झिलई दिलेल्या चॉकलेटवरही हिरवा ठिपका नियमानुसार असू शकतो. मध आपल्याकडे महाविगयांत गणला जातो आणि लाख तर कीटकापासून मिळते. म्हणून ठिपक्यावर न थांबता घटकांची यादी वाचावी. आयएनएस ९०४ हा आकडा दिसला तर ती लाख आणि ९०१ दिसला तर मधमाशीचे मेण.

आकड्यांआड घटक दडू नयेत, ही अपेक्षा केवळ आपलीच नाही. डिसेंबर २०२१ मध्ये दिल्ली उच्च न्यायालयाने असा आदेश दिला की, घटक केवळ सांकेतिक क्रमांकाने न सांगता तो वनस्पतीपासून आला की प्राण्यापासून, हेही उत्पादकांनी स्पष्ट करावे. ग्राहकाला आपल्या ताटात काय पडते हे जाणून घेण्याचा हक्क आहे, हा त्यामागील विचार.

याशिवाय काही प्रश्न असे आहेत की, ज्यांचे उत्तर देणे हे ठिपक्याचे कामच नव्हे. पदार्थात गाजर, बीट वा बटाट्याचा स्टार्च आहे का? सुगंधाचा अर्क मद्यार्कात विरघळवलेला आहे का? बाजारातील व्हॅनिला अर्कात तो पुष्कळदा असतो. केकमध्ये लोणी आहे की तूप? आणि पदार्थ केव्हा केलेला आहे? रात्र उलटलेला ओलसर पदार्थ ज्या घरांत वासी म्हणून वर्ज्य मानतात, त्या घरांना महिनोन्‌महिने मऊ राहणाऱ्या केकच्या पाकिटाबद्दल कोणतेही चिन्ह काही सांगू शकत नाही.

म्हणूनच हा केक घरी करण्यास अर्थ आहे. आमच्या मुळशी तालुक्यात, पिरंगुटच्या बाजूस राहणारी एक परिचित सून गेली काही वर्षे असे केक करून ओळखीच्या घरांत देते. तिच्या कृतीचे प्रमाण तिच्या अनुमतीने देत आहे. यात सुमारे वीस छोटे केक होतात.

मैदा १३० ग्रॅम, पिठीसाखर ९५ ग्रॅम, बेकिंग पावडर अर्धा चमचा, खायचा सोडा अर्धा चमचा, चिमूटभर मीठ आणि वेलदोड्याची पूड हे सर्व दोनदा चाळून घ्यावे. १४० मिलिलिटर दुधात दोन चमचे लिंबाचा रस घालून पाच मिनिटे ठेवावे. दूध किंचित फाटते, ते तसेच हवे. त्यात ५० मिलिलिटर वासरहित तेल मिसळून हे मिश्रण कोरड्या पिठात ओतावे आणि गुठळ्या मोडेपर्यंतच हलवावे. लिंबाचे आम्ल आणि सोडा एकत्र येताच वायूचे बुडबुडे सुटतात. अंड्याने जे फुगवायचे ते काम हे बुडबुडे करतात, म्हणून मिश्रण ताटकळत ठेवू नये. तूप लावलेल्या छोट्या साच्यांत प्रत्येकी टेबलस्पूनभर मिश्रण घालून, आधी तापवलेल्या भट्टीत १७० अंशांवर बारा ते चौदा मिनिटे भाजावे. काडी कोरडी निघाली की केक झाला. इतर कृतींत लोणी सांगितले असेल, तर १०० ग्रॅम लोण्याऐवजी सुमारे ८० ग्रॅम तूप आणि थोडे दूध घ्यावे. लोण्यात स्निग्धांश साधारण तेवढाच असतो, उरलेला भाग मुख्यतः पाणी.

आवरणासाठी २५० ग्रॅम चॉकलेट बारीक चिरून घ्यावे. उकळून गॅस बंद केलेल्या पाण्याच्या पातेल्यावर दुसरे कोरडे भांडे ठेवून त्यात ते वितळवावे. पाण्याचा एक थेंबही आत गेला तर चॉकलेट आळून त्याचा गोळा होतो. केक पूर्ण थंड झाल्यावरच काट्याने बुडवून, जादा चॉकलेट झटकून, बटर पेपरवर ठेवावेत. बाजारात 'कंपाउंड' म्हणून जे मिळते, त्यात कोको बटरऐवजी दुसरा वनस्पतिजन्य मेद असतो. ते स्वस्त पडते आणि सहज गोठते. अस्सल चॉकलेट अधिक चवदार, परंतु त्याचे तापमान काटेकोर सांभाळावे लागते. कोको बटर या नावाने दचकू नये. ते लोणी नव्हे, कोकोच्या बीतील मेद आहे.

ताम्हिणीकडून येणाऱ्या पावसाने आमच्या भागात चार महिने हवा ओलीचिंब असते. अशा दिवसांत केक शीतकपाटातून काढून उघडे ठेवले की, त्यांवर दव जमते, साखर विरघळते आणि वाळल्यावर आवरणावर पांढुरके डाग उमटतात. तो बुरशीचा डाग नव्हे, पण पाहणाऱ्याला तसे वाटते आणि विकणाऱ्याचे नाव जाते. म्हणून केक झाकणबंद डब्यात ठेवावेत आणि बाहेर काढल्यावर डबा खोलीच्या उष्णतेला येईपर्यंत झाकण उघडू नये.

या सुनेसमोर गतवर्षी खरा पेच आला. पुण्यातील एका दुकानदाराने मोठी मागणी नोंदवली. अट एवढीच की, केक आठवडाभर टिकावा आणि डब्यावर 'जैन' असे ठळक छापावे. रक्कम मोहात पाडणारी होती आणि घरात कर्जाचा हप्ता होता. तिचे यजमान घ्यावे या मताचे, सासूबाई नको या मताच्या. दोघांचेही चुकीचे नव्हते. तिने मला हिशोब मांडायला सांगितला. मी तिला एवढेच म्हटले की, 'जैन' या शब्दासाठी कायद्याने वेगळे चिन्ह ठरवलेले नाही, म्हणून त्या शब्दाचे सर्व ओझे लिहिणाऱ्याच्या शिरावर पडते. बँकेत तारण नसलेले कर्ज आम्ही माणसाच्या शब्दावर देत असू. ही त्याच जातीची जोखीम आहे.

तिने काढलेला मार्ग मला विचार करण्याजोगा वाटतो. ओलसर केक ती ज्या दिवशी भाजते त्याच दिवशी, सूर्यास्तापूर्वी खाता येईल अशा वेळी पोचवते. दूरच्या मागणीसाठी तिने केक दिलाच नाही. त्याऐवजी मैदा, तूप आणि पिठीसाखरेची, पाण्याचा अंश नसलेली खुसखुशीत नानखटाई चॉकलेटमध्ये बुडवून दिली. कोरडा पदार्थ असल्याने तो टिकतो. वर्षाऋतूत पंधरा, उन्हाळ्यात वीस व हिवाळ्यात तीस दिवस, ही मिठाईसाठी आपल्याकडे सांगितलेली मर्यादा तिने स्वतःवर घालून घेतली आहे आणि त्याआधीचीच तारीख ती डब्यावर लिहिते. मोठा शब्द छापण्याऐवजी तिने चिठ्ठी छापली: अंडे नाही, मध नाही, लोणी नाही, मद्यार्कयुक्त अर्क नाही, कंदमूळ नाही, अमुक दिवशी केले, अमुक दिवसापूर्वी संपवावे. ज्याचे जसे व्रत, तसा तो निर्णय घेईल. दुकानदाराने पहिली मागणी निम्म्यावर आणली, हेही येथे नोंदवले पाहिजे.

आता जमा-खर्च. वीस केकांसाठी समजा साहित्य १६० रुपये, डबे ४०, वीज व गॅस २० आणि पोचवण्याचा खर्च ४०, म्हणजे एकूण २६० रुपये. पंधरा रुपयांना एक या दराने विक्री ३०० रुपये. गृहिणी म्हणते, चाळीस रुपये सुटले. परंतु चाळण्यापासून भांडी घासण्यापर्यंत अडीच तास गेले, म्हणजे तासाला सोळा रुपये मजुरी पडली. आपल्या पेढीवरील कोणता गुमास्ता या दराने उभा राहील? तासाला शंभर रुपये धरले तर खर्च ५१० होतो आणि नग साडेपंचवीस रुपयांना पडतो. त्याखालच्या दराने विकणे म्हणजे घरातील स्त्रीचे श्रम फुकट वाटणे होय. व्यापारी घराण्यांनी हा हिशोब तरी सुनांसाठी चोख मांडावा.

विक्री करायची तर नोंदणीही हवी. २०११ च्या परवाना नियमांनुसार, १२ लाखांपर्यंत वार्षिक उलाढाल असलेल्या लघु अन्न व्यावसायिकासाठी साधी नोंदणी ठेवलेली होती आणि तिचे शुल्क वर्षाला १०० रुपये होते. अर्ज करताना चालू दर व मर्यादा पाहून घ्यावी. मिळणारा चौदा अंकी क्रमांक डब्यावर छापावा. घरगुती म्हणून सूट मिळेल, असे मानू नये.

ज्यांना विकायचे नाही, त्यांनी निदान येत्या सुट्टीत मुलांना हाताशी घेऊन एक घाणा करावा. पीठ चाळताना, दूध फाटताना पाहिलेले मूल पुढे दुकानात पाकीट उलटे करून मागची बाजू वाचू लागते. आपण काय खातो हे विचारण्याची सवय त्याला लागली, तर व्रत पाळताना त्याला कोणाच्या ठिपक्यावर विसंबून राहावे लागणार नाही.