दासीचें काम

स्नेहसंमेलनाच्या नाटिकेंतील भूमिका वाटल्या जात असतां राजकन्येच्या कामासाठीं पुष्कळ हात वर होतात. कुबड्या दासीचें काम मात्र कोणासच नको असतें. तें जिच्या वांट्यास येतें, ती घरीं सांगावयासही लाजते. ही लाज आमच्या मतें अगदींच अनाठायीं आहे, आणि तिचें उत्तर शोधण्यास दूर जावयास नको. आपल्या शहराहून नाशिककडे निघालें, कीं वैजापूरच्या पलीकडे येवलें लागतें. पैठणीसाठीं विख्यात असलेल्या ह्या गांवीं १९१६ सालीं ललिता पवार ह्यांचा जन्म झाला.

मूकपटांच्या काळीं बालनटी म्हणून त्या पडद्यावर आल्या व पुढें नायिका झाल्या. १९४२ सालीं 'जंग-ए-आझादी'च्या चित्रीकरणांत सहनटाची चपराक इतक्या जोरानें बसली, कीं चेहऱ्यास पक्षाघात होऊन डावा डोळा कायमचा अधू झाला. नायिकेचीं कामें संपलीं. ह्या अपघातास इष्टापत्ति म्हणण्याचा प्रघात आहे. त्या डोळ्यामुळेंच म्हणे त्यांना खाष्ट सासू साधली! हें म्हणणें आम्हांस मुळींच मान्य नाहीं. अधू डोळ्यानें कोणी नटी होत नसतें. तसें असतें, तर 'श्री ४२०' (१९५५) मधील केळीवाली गंगामाई आणि 'अनाडी' (१९५९) मधील मिसेस डिसा त्यांना कशी साधली असती? ही ख्रिस्ती घरमालकीण तोंडानें भाडेकरूस फटकारते आणि मनांतून त्याच्यावर पोटच्या पोराप्रमाणें माया करते. दरारा व वात्सल्य, दोन्ही त्याच डोळ्यांत! ह्या भूमिकेबद्दल त्यांना सहाय्यक अभिनेत्रीचें फिल्मफेअर पारितोषिक मिळालें. श्रेय द्यावयाचें तें त्यांच्या कष्टांस द्यावें, चपराकीस नव्हे.

पुढें दूरदर्शनवरील 'रामायण' मालिकेंत (१९८७-८८) सत्तरी ओलांडलेल्या ललिताबाई मंथरा झाल्या. मंथरा म्हणजे दासीच. परंतु ती नसती तर रामाचा राज्याभिषेक निर्विघ्न पार पडला असता, आणि वाल्मीकींस अयोध्याकांडाच्या आरंभींच लेखणी खालीं ठेवावी लागली असती! १९९८ सालीं पुण्यास त्यांचें निधन झालें. आजही मंथरा म्हटलें कीं त्यांचाच चेहरा डोळ्यांपुढें येतो.

आमची सूचना एवढीच, कीं पुढील संमेलनांत दासीच्या कामासाठीं मुलगी आधीं निवडावी, आणि तीही चांगली वाचणारी निवडावी. तालमींत तिला राजकन्येइतकाच वेळ द्यावा. हल्लीं तिच्या वांट्यास शेवटचीं पांच मिनिटें येतात, आणि तींही शिपाई सभागृहाचे दिवे मालवीत असतांना.